शेवटची पाटी मनात वाचायची

एक गोष्ट मी आजवर कोणाला सांगितलेली नाही. बायकोला नाही, मुलीला नाही, आणि ज्या दोघांना सांगायला हवी होती त्यांना तर नाहीच. सहा-सात वर्षांपूर्वी आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात आम्हीच बनवलेला एक छोटा मूकपट दाखवला होता. त्याच्या शेवटी पडद्यावर दोन ओळींची एक पाटी आली. वाक्य सरवदे सरांचं होतं, अक्षर माझं होतं. त्या वाक्यात मी फेरफार केला. मुद्दाम केला, शुद्धीत केला, आणि तो सरांच्या ध्यानात येणार नाही हे मला पक्कं माहीत होतं.

सरवदे सर गेल्या हिवाळ्यात गेले. ज्या दोघांचं मी नुकसान केलं, त्यातलं एक माणूस आता ऐकायला नाही. त्यांच्या शोकसभेत मी चार शब्द बोललो. चांगले बोललो असं लोक म्हणाले. मला मात्र घरी येऊन जेवण गेलं नाही.

पण आधी सर सांगतो. ते कळल्याशिवाय बाकीचं कळायचं नाही.

केज तालुक्यातली आमची शाळा. रस्त्याच्या एका अंगाला वर्ग, दुसऱ्या अंगाला जीपवाल्यांचा थांबा. सर इंग्रजी शिकवायचे, मी चित्रकला. ठेंगणा माणूस, पांढरा शर्ट, बाह्या कोपराखाली नेमक्या दोन घड्या घातलेल्या. वर्गात आल्यावर पहिली पाच मिनिटं ते बोलायचेच नाहीत. नसलेली खिडकी उघडायचे, नसलेल्या कपातला चहा प्यायचे, तोंड पोळल्यासारखं करायचे, आणि पोरांनी ते काय करतायत हे इंग्रजीत सांगायचं. ज्या पोरांच्या घरात सात पिढ्यांत इंग्रजीचा शब्द फिरकला नव्हता ती पोरं 'सरांचं तोंड पोळलं' हे तीन-तीन काळांत सांगायची. रस्त्यानं म्हैस आडवी आली तर सर डोक्यावरची नसलेली टोपी काढून तिला वाट द्यायचे. लोक म्हणायचे, मास्तर जरा हललेले हायत. सरांच्या कानावर ते गेलं होतं. ते म्हणाले, "हलतो म्हणून तर दिसतो. न हलणाऱ्याचा फोटू असतो भिंतीवर."

सरांचं गाव घाटनांदूरच्या अलीकडचं. चार बहिणी पाठच्या. त्यांची लग्नं, बाळंतपणं, मेहुण्यांची आजारपणं निस्तरता निस्तरता सरांचं स्वतःचं लग्न राहून गेलं. याबद्दल ते कधी कुरकुरले नाहीत. विचारलंच तर म्हणायचे, "माझं पहिलंच रीळ लई लांबलं."

रीळ हा त्यांचा शब्द. कॉलेजला असताना, तेव्हाच्या औरंगाबादला, ते वसतिगृहात राहायचे. कोणीतरी फुकट सिनेमा आहे म्हणून एका क्लबात नेलं. तिथं शंभर वर्षांपूर्वीच्या विलायती, वीस-पंचवीस मिनिटांच्या, मुक्या प्रेमाच्या विनोदी फिल्मा दाखवत. दोन रिळांची एक फिल्म. एक पोरगा, एक पोरगी, पोरीचा जाडजूड बाप, चिठ्ठ्यांची अदलाबदल, मग पळापळ, आणि शेवटी पाद्री नाहीतर न्यायाधीश धापा टाकत लग्न लावतो. सर सांगायचे, "मला त्या वक्ताला इंग्रजी धड येत नव्हतं. क्लबातली मंडळी मोठ्या घरची, आपसात फाडफाड बोलायची. मी मागं भिंतीला टेकून उभा. पण फिल्म लागली आन् कुणालाच काई ऐकू येईना. येणारे आन् न येणारे एकदाच हसले. म्हणलं, ही जागा आपली."

पुढं त्या फिल्मा इंटरनेटवर फुकट मिळायला लागल्या. सरांनी पन्नासेक उतरवून घेतल्या. कोणी विचारलं की चोरीच्या नाहीत ना, तर म्हणायचे, मालक मरून गेले, आता वारस आपणच. शाळेला कुठल्याशा योजनेतून प्रोजेक्टर मिळाला होता, त्याचा स्पीकर पहिल्याच आठवड्यात बसला. सगळ्यांना वाटलं प्रोजेक्टर वाया गेला. सरांना वाटलं, आता कामाचा झाला.

शनिवारी सकाळची शाळा सुटायच्या आधीचा तास सिनेमाचा. खिडक्यांना काळी ताडपत्री. फिल्ममध्ये मधून मधून इंग्रजी वाक्यं लिहिलेली येतात, त्यांना सर पाटी म्हणत. पाटी आली की सगळ्या वर्गानं ती मोठ्यानं वाचायची, मग एकानं मराठीत सांगायची. पाटी नसेल तेव्हा माणसांच्या तोंडाकडं बघून ती काय बोलत असतील ते आपल्या बोलीत बोलायचं. हीरोचं नाव सगळ्या फिल्मांत बंडू, पोरीचं सुमन. विलायती बाप दारात काठी घेऊन उभा राहिला की मागच्या बाकावरून आवाज यायचा, "कावून आला बे हितं?" आणि बंडूच्या वतीनं पुढच्या बाकावरची एखादी पोरगी म्हणायची, "विहिरीचं पाणी बघाया आलतो, मामा."

दोन गोष्टी मात्र ठरलेल्या. एक, सर स्वतः पडद्याकडं पाठ करून, पोरांकडं तोंड करून उभे राहायचे. फिल्म कुठं आली हे ते पोरांच्या चेहऱ्यावरून ओळखायचे. मी एकदा विचारलं, तुम्हाला बघावंसं वाटत नाही का. म्हणाले, पडदा पाठ झालाय, हे चेहरे दर वर्षी नवे असतात. दुसरी गोष्ट, फिल्ममधली अगदी शेवटची पाटी कोणी मोठ्यानं वाचायची नाही. सर हात वर करून सांगायचे, "शेवटची पाटी मनात. ती ज्याची त्याची." आणि साठ पोरांचा वर्ग एकदम गप्प व्हायचा. त्या शांततेची मला गंमत वाटायची. पुढं मी तिचाच फायदा घेतला.

एकदा शिक्षण विस्तार अधिकारी नेमके शनिवारी तपासणीला आले. अंधारात पोरं ओरडतायत, पडद्यावर एक बाई एका माणसाच्या डोक्यात फुलदाणी घालतेय. साहेबांनी पाच मिनिटं बघितलं आणि विचारलं, आवाज का येत नाही. सर म्हणाले, आवाज पोरांचा हाय साहेब. साहेबांना वाटलं, मास्तर सारवासारव करतोय. शेरेबुकात लिहून गेले, 'ध्वनी तात्काळ दुरुस्त करावा.' पुढच्या वर्षी दुसरे साहेब आले, त्यांनी मागचा शेरा वाचून विचारलं, दुरुस्त केला काय. सरांनी लेखी उत्तर दिलं, 'दुरुस्त आहे. फक्त तो मराठीत येतो.' मुख्याध्यापकांनी तो कागद पुढं पाठवला नाही, स्वतःच्या खणात ठेवला. कंटाळा आला की काढून वाचत.

आमच्या शाळेत निम्मी पोरं ऊसतोडीला जाणाऱ्यांची. दिवाळी झाली की टोळ्या निघतात, आई-बाप जातात, मागं बघायला कोणी नसेल तर पोरंही जातात. परत आल्यावर शाळेत येतीलच याचा भरवसा नाही. सरांनी त्यावर आपली तोड काढली. टोळ्या निघायच्या आधीच्या शनिवारी ते एक नवी फिल्म लावत आणि पहिलं रीळ संपलं की प्रोजेक्टर बंद करत. दुसरं रीळ गुढीपाडव्यानंतर, सगळे परत आल्यावर. मागं राहिलेली पोरं लई चिडायची. ती म्हणायची, आमी तर हितंच हाव, आमाला दाखवा. सर म्हणायचे, अर्धी माणसं नसताना लग्न लावत नसतात.

एका वर्षी बंडू सुमनच्या दारात येऊन उभा राहिला, आतून बापानं कडी घातली, आणि सरांनी फिल्म थांबवली. पूर्ण शाळा पाच महिने त्या दारात उभी. मार्चअखेरीस एक दिवस मधल्या सुट्टीत सहावीतली अनिता शिक्षकखोलीच्या दारात आली. ट्रॅक्टरमधून उतरून थेट आली होती. केसांत पाचट, पाय धुळीनं भरलेले. धापा टाकत म्हणाली, "सर, बापानं दार उघडलं का?"

आमच्या एक बाई घाबरून उठल्या, त्यांना वाटलं पोरीच्या घरी काही झालं. सर बसल्या जागेवरून म्हणाले, "न्हाई उघडलं अजून. तुझ्यासाठी थांबलाय."

अनिता हसली आणि हातपाय धुवायला नळावर गेली. त्या दिवशी मी सरांचा हात हातात घ्यायला हवा होता. मी उत्तरपत्रिकांचे गठ्ठे बांधत राहिलो. माझा स्वभाव तसा आहे.

आता मंगलवहिनी. माझा थोरला चुलतभाऊ याच शाळेत ग्रंथपाल होता. तो चाळिशीतच गेला. त्याच्या जागी वहिनींना घ्यावं म्हणून मी बीडला खेटे घातले, कागद केले. वहिनी लागल्या. मुलगा शिकून पुण्याला नोकरीला गेला. वहिनी कमी बोलणाऱ्या, पण बोलल्या तर समोरचा निरुत्तर. ग्रंथालयात 'शांतता राखा' अशी पाटी मीच रंगवलेली होती, आणि ती पाळणारी दोनच माणसं शाळेत होती, वहिनी आणि सरवदे सर.

सर पहिल्यांदा ग्रंथालयात गेले तेव्हा वहिनींनी रजिस्टरातून मान वर करून बघितलं. सर एवढे गोंधळले की हाताला लागलं ते पुस्तक उचलून टेबलावर ठेवलं. रेशीम किडे कसे पाळावेत यावरचं सरकारी पुस्तक होतं. वहिनींनी तोंडावर कसलाही भाव न आणता नोंद केली. पंधरा दिवसांनी सरांनी पुस्तक परत न करता एक चिठ्ठी पुढं सरकवली, 'मुदत वाढवून मिळावी.' वहिनींनी त्याच चिठ्ठीवर खाली लिहिलं, 'वाढवली.' हे चार वर्षं चाललं. पुस्तकात तारखा टाकायचा कागद भरला की वहिनी त्यावर नवा चिकटवायच्या. चिठ्ठ्यांवर हळूहळू एखादी ओळ जास्तीची येऊ लागली. वहिनी लिहायच्या, 'वाढवली. पण वाचता तरी का?' सर लिहायचे, 'पहिलं पान अवघड आहे.' मी ग्रंथालयात वर्तमानपत्र वाचत बसायचो, मला सगळं दिसायचं. एकदा वहिनींना हसू आवरेना तेव्हा त्या कपाटामागं गेल्या. भाऊ गेल्यापासून मी त्यांना तसं हसताना पाहिलं नव्हतं. मला बरं वाटलं आणि भीतीही वाटली. दोन्ही एकदम झालं, हे मी लपवत नाही.

कारण सर बौद्ध आणि आम्ही मराठे. शिक्षकखोलीत आम्ही एका डब्यात जेवायचो, सरांच्या घरी मी सणाला जायचो, आणि मी स्वतःला जात बघणाऱ्यांतला समजत नव्हतो. माणूस स्वतःला कशातला समजतो हे कसोटीला लागेपर्यंत फुकटच असतं.

सरांच्या निवृत्तीचं वर्ष आलं. त्यांनी ठरवलं, जाता जाता आपली स्वतःची एक दोन रिळांची फिल्म करायची. मुख्याध्यापकांनी एकच अट घातली, संमेलन आहे, पालक येणार, प्रेम दाखवायचं नाही. सर म्हणाले, बरं. आणि त्यांनी अशी फिल्म रचली की हीरो आणि हिरॉईन एका चित्रात येतच नाहीत. हीरो होते आमचे शिपाई नामदेवमामा, वय पंचावन्न, मिशीला कलप. मामा रोज ग्रंथालयात येतात, तेच एक पुस्तक नेतात, कधी जीपमध्ये विसरतात, कधी शेळी त्याचं पान खाते, कधी पुस्तकाच्या मागं केजच्या बाजारभर धावतात. आणि हिरॉईन म्हणजे पुस्तकाच्या कपाटामागून बाहेर येणारा नुसता एक हात.

हात कोणाचा घ्यायचा यावर चर्चा झाली नाही. सरांनी चिठ्ठी लिहिली. वहिनींनी खाली लिहिलं, 'हात तेवढाच. तोंड नाही.' साधा हात, मनगटात घड्याळ, बोटाला शाईचा डाग. मी मोबाईलवर चित्रण केलं. मामा हातात पुस्तक घेऊन कपाटासमोर उभे राहायचे आणि पुनःपुन्हा शिंकायचे, आणि कपाटामागून वहिनींच्या हसण्यानं हात थरथरायचा, तेवढा शॉट अकरा वेळा घेतला. ते चार दिवस आमच्या शाळेतले सगळ्यांत चांगले दिवस होते.

पाट्या अर्थात मी लिहायच्या. काळा पुठ्ठा, पांढरा पोस्टर रंग. सगळ्या झाल्या, शेवटची राहिली. फिल्मचा शेवट असा होता, मुदत संपलेली आहे, मामा पुस्तक छातीशी धरून उभे आहेत, कपाटामागून हात पुढं येतो आणि तसाच उघडा राहतो. मग पाटी. मग पुन्हा तो उघडा हात, आणि संपलं.

सर एका दुपारी मला शाळेमागच्या पायरीवर घेऊन गेले. खिशातून कागद काढला. त्यावर लिहिलं होतं, 'पुस्तक परत करायचे नाही. मुदत कायमची वाढवून मिळावी.'

मी वाचलं. मला कळलं. तरी विचारलं, हे मामांचं वाक्य आहे का.

"शाळेसाठी मामाचं," सर म्हणाले. "एका माणसासाठी माझं."

मग थोडा वेळ ते बाह्यांच्या घड्या सारख्या करत राहिले. म्हणाले, "थोरात, तुमी मंगलबाईंच्या घरचे. तुमची हरकत असंल तर आत्ताच सांगा. मला राग येणार न्हाई. तिथं नुसतं 'समाप्त' लावू, कुणाला कळणार बी न्हाई. पण मागून न्हाई."

मागून नाही. हे त्यांनी वेगळं बोलून दाखवलं. आणि मी, ज्याला चार वर्षं तीच भीती होती, तो म्हणालो, "हरकत कसली सर. आनंदच हाय."

मी नाही म्हणालो असतो तर आज माझ्यावर काहीच नसतं. पण नाही म्हणायला मी कोण आहे ते सरांना दिसलं असतं. ते मला दिसू द्यायचं नव्हतं.

सर म्हणाले, ती जागा मोकळी ठेवा, तुमी एकटेच ती पाटी लावा, मी आधी बघणार नाही. त्या दिवशी तिथंच बघीन. कुठं बघणार ते त्यांनी सांगितलं नाही. सांगायची गरज नव्हती.

मी घरी येऊन पाटी लिहिली, जशी दिली होती तशी. आयुष्यात इतकं सुंदर अक्षर माझ्या हातून आलं नव्हतं. संमेलन शुक्रवारी होतं. त्याच्या पुढच्या रविवारी माझ्या मुलीला बघायला पाहुणे येणार होते, चांगलं स्थळ, चुलत्यांनीच आणलेलं. बुधवारी चुलत्यांचा फोन आला, घरात सगळं व्यवस्थित आहे ना, पाहुणे लई चौकशा करणारे हायत. एवढंच बोलले. त्यांना यातलं काहीच माहीत नव्हतं. कारण म्हणून हे सांगतो, सबब म्हणून नाही. मुलीचं तिथं जमलंही नाही, पुढं तिनं स्वतःचं स्वतः जमवलं आणि ती सुखात आहे.

त्या संध्याकाळी मी दुसरा पुठ्ठा घेतला आणि लिहिलं, 'पुस्तक परत करीत आहे. मुदत वाढवून नको.'

'समाप्त' लिहिता आलं असतं. ते का लिहिलं नाही याचा मी पुष्कळ विचार केला आहे. 'समाप्त' लावलं असतं तर सरांना वहिनींच्या चेहऱ्यावर काहीच दिसलं नसतं, मग त्यांनी मला विचारलं असतं, नाहीतर पुढं कधीतरी तोंडानं बोलले असते. मला ते कायमचं मिटवायचं होतं. मी चित्रकलेचा शिक्षक आहे. कुठल्या रेघेनं काय मिटतं ते मला कळतं.

शुक्रवारी दुपारी सभागृह गच्च भरलं. मामा पडद्यावर आले की पोरं बाकांवर उभी राहायची. शेळीनं पान खाल्लं तेव्हा पालकसुद्धा डोळे पुसत हसत होते. सर नेहमीप्रमाणं पडद्याच्या कडेला, आमच्याकडं तोंड करून. वहिनी दुसऱ्या रांगेत. प्रोजेक्टर मी चालवत होतो.

हात बाहेर आला. सरांनी सवयीनं आपला हात वर केला आणि म्हणाले, "शेवटची पाटी मनात."

सभागृह गप्प झालं. पाटी आली. सर एका चेहऱ्याकडं बघत होते, आणि मी सरांकडं. वहिनींनी पाटी वाचली. परत वाचली. मग त्यांनी मान खाली घातली, पदर सारखा केला, आणि मांडीवरच्या पिशवीचा बंद बोटाला गुंडाळत राहिल्या. सरांचा वर केलेला हात हळूच खाली आला. बस्स, एवढंच झालं. पोरांनी टाळ्या वाजवल्या, कोणीतरी ताडपत्री ओढली, उजेड झाला आणि सगळे जेवणाच्या रांगेकडं पळाले. पाटीवर काय होतं हे त्या गर्दीत कोणी कोणाला विचारलं नाही.

सोमवारी सर ग्रंथालयात आले. मी तिथंच होतो, वर्तमानपत्र तोंडापुढं धरून. त्यांनी रेशीम किड्यांचं पुस्तक टेबलावर ठेवलं. चिठ्ठी नव्हती. सरांच्या लेखी वहिनींना नकार द्यावा लागला होता, आता त्यांना आणखी अवघड वाटू नये, म्हणून ते पुस्तक परत करत होते. आणि वहिनींच्या लेखी, पाटीवर जे म्हटलं होतं तेच सर करत होते. वहिनींनी रजिस्टर उघडलं, नाव शोधलं, लाल रेघ मारली. सरांनी नसलेली टोपी काढल्यासारखा हात कपाळापर्यंत नेला आणि अर्ध्यातून खाली घेतला. मी तेव्हा उठून दोन वाक्यं बोललो असतो तरी भागलं असतं. त्या फिल्मांमध्ये चिठ्ठ्या बदलणारा माणूस दहा मिनिटांत सापडतो आणि मार खातो. मला कोणी शोधलंच नाही.

आणखी एक सांगायचं राहिलं. निवृत्तीच्या दिवशी सरांनी फिल्मची प्रत मागितली. मी खरी पाटी लावून ती पेनड्राइव्हवर दिली. म्हणजे सरांकडं खरं वाक्य राहिलं आणि वहिनींच्या मनात खोटं. दोघांनी एकत्र बसून फिल्म बघितली असती तरच मी पकडला गेलो असतो.

सर गावी गेले. मी दोन वर्षं गेलो नाही. मग त्यांना दम्याचा त्रास वाढल्याचं कळलं आणि एका रविवारी घाटनांदूरची जीप धरली. सर विहाराच्या ओट्यावर बसले होते, आणखी बारीक झालेले, बाह्यांच्या घड्या तशाच. दिवाळी होऊन गेली होती. गावातली पोरं टोळ्यांबरोबर निघायची होती म्हणून सरांनी दुपारी फिल्म ठेवली होती. त्यांनी चहा मागवला. शाळेचं विचारलं, मामांच्या मिशीचं विचारलं. वहिनींचं विचारलं नाही.

मग आपणहून म्हणाले, "थोरात, एक बोलायचं राहिलं होतं. तुमी त्या दिवशी हरकत न्हाई म्हणालात. तुमच्या जागी दुसरा कुणी म्हणला नसता. मंगलबाईंनी मान खाली घातली, तो त्यांचा हक्क. पण तुमी मधी आला न्हाईत. हे मी इसरलो न्हाई."

माझ्या हातात कप होता. मी म्हणालो, "सर, चहा गार होतोय."

पोरं आत गोळा झाली होती, ती हाका मारायला लागली. सर भिंतीला धरून उठले. आत खिडक्यांना गोणपाट लावलेलं होतं. मी दारातूनच बघितलं. सर पडद्याला पाठ करून उभे राहिले, पण आता त्यांना फार वेळ ताठ उभं राहवत नव्हतं, ते हळूहळू पडद्यावरच टेकले. विलायती पोरगा आणि पोरगी त्यांच्या पांढऱ्या शर्टावरून पळत गेली. पोरं हसली. सरांना वाटलं बाप पडला म्हणून हसली, आणि तेही हसले. मी त्यांना बघितलं ते तेच शेवटचं.

सर गेल्याचं शाळेत कळलं तेव्हा शिक्षकखोलीत वहिनी होत्या. सगळे गेल्यावर त्यांनी विचारलं, "भाऊजी, तुमी मधी गेलतात ना त्यांच्याकडं? काही म्हणले का?"

मी म्हणालो, न्हाई, तसं विशेष काही न्हाई.

वहिनी खिडकीतून जीपच्या थांब्याकडं बघत होत्या. मग म्हणाल्या, "मला वाटलं होतं, काहीतरी बोलतील. रिटायर झाल्यावर तरी. मी वाट बघितली."

आणि ग्रंथालयाकडं निघून गेल्या.

वहिनी येत्या मे महिन्यात निवृत्त होऊन मुलाकडं पुण्याला जाणार आहेत. सर बोलले होते, आणि मी ते त्यांच्यापर्यंत पोचू दिलं नाही, एवढं मला त्यांना समोर बसून सांगायचं आहे. अजून सांगितलेलं नाही.